व्हेनिसहून हिंगोली

वाद पैशावरून सुरू झाला. दिवाळीला आजोळी आलेली भाची पुण्यात सिनेमाच्या संकलनाचं काम करते. मामानं हिंगोलीतल्या एका टॉकीजच्या केबिनमध्ये ऑपरेटर म्हणून उभी हयात घालवली. ती टॉकीज आता बंद आहे. दोघांचंही पोट सिनेमावर, पण मामानं तो भिंतीतल्या चौकोनी भोकातून पाहिला आणि भाची तो तुकड्यातुकड्यांनी पाहते. विषय होता दिग्दर्शक चैतन्य ताम्हाणे, खरं तर त्याच्यासारखे सगळेच. गोष्ट इथली, माणसं इथली, भाषा इथली आणि पहिला प्रेक्षक मात्र इटलीतला. मी शेजारी. फराळाला बोलावलं होतं म्हणून मध्ये सापडलो.

मामा : आधी पैसा कुणाचा ते सांग. ज्याचा पैसा त्याचं पिक्चर. आम्ही तर हेच बघत आलोत.

भाची : मग ऐका. ताम्हाणेच्या ‘कोर्ट’चा मुख्य पैसा मुंबईचाच आहे. विवेक गोम्बर म्हणून नट आहे, ताम्हाणेच्या नाटकात त्यानं काम केलं होतं. संहिता लिहून होईपर्यंत तो दरमहा खर्चाला पैसे देत राहिला, मग निर्माता झाला, आणि बचावाच्या वकिलाचं कामही त्यानंच केलं. रॉटरडॅमच्या ह्यूबर्ट बाल्स फंडाची मदत झाली, नाही असं नाही. पण पोराला लिहायला बसवलं ते मुंबईच्या एका नटानं.

मामा : मग तिकडं नेलं कशाला?

भाची : नेलं नसतं तर इथं कुणी विचारलं असतं? सप्टेंबर २०१४ मध्ये व्हेनिस महोत्सवात ओरिझोन्ती विभागातला सर्वोत्कृष्ट चित्रपट ठरला, पदार्पणाचा पुरस्कारही मिळाला. ताम्हाणे तेव्हा २७ वर्षांचा. मग राष्ट्रीय पुरस्कारात पहिला क्रमांक, आणि १७ एप्रिल २०१५ ला थिएटरात. हा क्रम उलटा करून बघा. मराठी, त्यात एकही स्टार नाही, बहुतेक वेळ कॅमेरा जागचा हलत नाही. कोणत्या वितरकानं घेतला असता?

मामा : तो एप्रिल माझ्या ध्यानात हाये. सरकारनं मल्टिप्लेक्सवाल्यांना सांगितलं, संध्याकाळी सहा ते नऊ मराठी लावा. आरडाओरडा झाला. मग म्हणे, दुपारी बारा ते रात्री नऊच्या मध्ये कधीबी लावा. कायद्यानं पडदा मिळतो, पोरी. खुर्चीतला माणूस कायद्यानं मिळत नसतो. तो माणूस तुझ्या या पोरांना नको हाये, असं माझं म्हणणं. त्यांना ज्युरीतली पाच-सात डोकी पुरतात.

मामा हे ऐकीव बोलत नव्हता. भाचीनं त्याला आदल्या दिवशी फोनवर ‘कोर्ट’ दाखवला होता. गटारात उतरलेल्या कामगाराचा मृत्यू होतो आणि त्याला आत्महत्येस प्रवृत्त केलं म्हणून एका लोकशाहीरावर खटला भरतात, एवढीच गोष्ट. शाहीर नारायण कांबळेच्या भूमिकेत नागपूरचे वीरा साथीदार, प्रत्यक्षातही आंबेडकरी चळवळीतले. गाणी संभाजी भगतांची. शेवटाकडे कोर्टाला उन्हाळ्याची सुट्टी लागते, माणसं पांगतात, कुणीतरी एकेक दिवा बंद करतं आणि पडदा काळा होतो. तसाच राहतो. त्यानंतर न्यायाधीश सहलीला गेलेले दिसतात.

मामा : तो अंधार आला तेव्हा मला वाटलं, संपलं. केबिनमध्ये असतो तर मी हॉलचे लाइट लावून, दरवाजे उघडायला सांगून मोकळा झालो असतो. लोक सायकल स्टँडवर, आणि पडद्यावर साहेब पोहायला निघालेत! असं कुणी करतं का?

भाची : त्यासाठीच तर केलंय! खटला संपला की तुम्ही उठणार, हे त्याला माहीत आहे. न्यायाधीश उठत नाही, तो घरी जातो, सहलीला जातो, बाकावर डुलकी काढतो. तो शेवट कापा म्हणून त्याच्या मागे लागणारा कुणी नव्हता.

मामा : आम्ही कापला असता.

हे तो हसत म्हणाला, पण खोटं नव्हतं. शेवटचा खेळ लांबला की गाणं उडवायचं, सणासुदीला चौथा खेळ बसवायचा तर एखादं रीळ अर्ध्यातच आवरतं घ्यायचं, हे त्या काळी गावोगावच्या टॉकीजमध्ये चाले. दिग्दर्शकाचं शेवटचं संकलन मुंबईत होतं असं म्हणतात. बरेचदा ते मामाच्या हातात होतं.

भाची : मला पैशापेक्षा वेळेचं बोलायचंय. ‘कोर्ट’नंतर ताम्हाणेला कुणी विचारलं असेल की लगेच दुसरा कर. तो काय करतो? २०१६-१७ मध्ये रोलेक्स कंपनीच्या गुरू-शिष्य उपक्रमातून अल्फोन्सो क्वारोनकडे जातो. मेक्सिको सिटीत ‘रोमा’चं शूटिंग चालू होतं. क्वारोन हॉलिवूडमध्ये ‘ग्रॅव्हिटी’ करून ऑस्कर घेऊन बसलेला माणूस, आणि तो परत आपल्या गावात येऊन, स्पॅनिशमध्ये, कृष्णधवल, आपल्या लहानपणच्या मोलकरणीवर सिनेमा करतोय. ते बघून हा मुंबईला येतो आणि ख्याल गाणाऱ्या एका मुलावर ‘द डिसायपल’ करतो.

माझ्या मनात आलं ते तेव्हा बोललो नाही, इथं लिहितो. घड्याळाच्या कंपनीनं जुळवून दिलेला गुरू, आणि त्या शिष्याचा सिनेमा मात्र गुरूच्या सावलीत उमेद खर्चून बसलेल्या शिष्यावर. ताम्हाणेला यातली गंमत कळली नसेल असं वाटत नाही.

मामा : गाण्याचा हाये का? तो दाखीव की मग.

भाची : दाखवते. शरदचं काम आदित्य मोडक करतो, तो स्वतः गायक. गुरुजींच्या भूमिकेत अरुण द्रविड, जयपूर-अत्रौली घराण्याचे. रात्रीच्या रिकाम्या मुंबईत शरद मोटारसायकलवर चाललेला असतो, एकदम संथ, आणि कानात माई नावाच्या गायिकेची जुनी भाषणं. माई दिसत नाहीत कुठेच, फक्त आवाज. तो आवाज सुमित्रा भाव्यांचा. कॅमेरामन पोलंडचा, मिखाऊ सोबोचिन्स्की. कार्यकारी निर्माता क्वारोन. २०२० ला व्हेनिसच्या मुख्य स्पर्धेत होता. ‘मान्सून वेडिंग’नंतर, म्हणजे २००१ नंतर, तिथं गेलेला पहिला भारतीय चित्रपट. पटकथेचं बक्षीस मिळालं.

मामा : आणि इथं कधी लागला?

भाची : (थोडं थांबून) ३० एप्रिल २०२१ ला नेटफ्लिक्सवर आला.

मामा : म्हणजे लागलाच नाही.

भाची : कोरोना होता, मामा. त्याच महिन्यात वीरा साथीदार गेले, सुमित्रा भावे गेल्या. थिएटरं बंद होती.

मामा : कोरोना गेला की नंतर. मग लावला का कुणी? तुझा पोलंडचा कॅमेरामन एवढा मोठा पडदा डोळ्यांपुढं ठेवून काढणार, आणि मी तो तळहातावर बघणार. आमच्या टॉकीजमध्ये फाटका पडदा होता, तरी माणूस माणसाएवढा दिसायचा.

इथं मामाचा एक गुण सरळ त्याच्या पदरात पडतो. भाचीनंही तो नाकारला नाही. पण तिनं वाद दुसऱ्या अंगानं उचलला.

भाची : तुमचं खरं दुखणं हे आहे की, तो परक्यांसाठी सिनेमा करतो. पायल कपाडियाच्या बाबतीतही हेच झालं. २०२४ ला तिच्या ‘ऑल वी इमॅजिन अॅज लाइट’ला कानला ग्रां प्री मिळालं. भारत आणि फ्रान्सची अधिकृत सहनिर्मिती. त्यात आपली छाया कदम आहे, मुंबईतली खोली सोडून रत्नागिरीकडे परत जाणाऱ्या बाईच्या कामात. ऑस्करला पाठवायची वेळ आली तेव्हा फिल्म फेडरेशननं दुसराच सिनेमा निवडला, आणि अध्यक्षांनी ज्युरीचं म्हणणं सांगितलं की हा भारतात घडणारा युरोपियन सिनेमा वाटतो. दवाखान्यातल्या मल्याळी नर्सा, दादरचा पाऊस, रत्नागिरीचं घर. यात युरोप कुठं दिसला त्यांना?

मामा : चालीत दिसला असंल. सावकाश चालतो म्हणून.

भाची : सावकाश चालणं युरोपचं केव्हापासून झालं? रात्रभर चालणारं कीर्तन सावकाश नसतं?

मामा : कीर्तनात बुवाला समोर दिसतं, कोण डुलक्या घ्यायलंय. तो मध्येच सोंग काढतो, हसवतो, जागं करतो. तुझ्या दिग्दर्शकाला माझी डुलकी दिसत नाही. त्याला लांबचा माणूस टाळ्या वाजवताना दिसतो. अर्ज लिहितानाच पिक्चर बदलतं, बाई. मी काही असले अर्ज बघितले नाहीत, पण अनुदानाचे अर्ज बघितलेत. वरच्याला काय वाचायचंय ते खालचा लिहितो.

भाची : बरं, नामदेव महाराज कुणाचे? नर्सीचे ना? आपल्या गावापासून हाकेच्या अंतरावर. पंढरपूरला गेले, तिथून पंजाबात घुमानला. गुरू ग्रंथसाहिबात त्यांची ६१ पदं आहेत. २०१५ चं साहित्य संमेलन घुमानला भरलं तेव्हा तुम्हीच कौतुक सांगत होतात. मग त्यांना कुणी म्हणालं का, लांबच्या टाळ्यांसाठी गेले?

मामा : नामदेवाला मध्ये घालू नको. ते तिकडं गेले तर तिकडच्या बोलीत बोलले, इकडच्यांसाठी मराठी अभंग होतेच. तिथल्यांना तिथलं दिलं, इथल्यांना इथलं. तुझा माणूस एकच माल दोन बाजारात नेतो.

भाची : तो मालात काहीच बदलत नाही, हेच सांगतेय मी! शाहीर आपल्या भाषेत गातो, सरकारी वकील मराठी घरात स्वयंपाक करते, आणि इटलीतला माणूस खालच्या ओळी वाचत बसतो. कोण कुणासाठी वाकलं?

मामा गप्प बसला. मला वाटतं, हा भाचीचा सगळ्यात बळकट मुद्दा. शंका आहे ती एवढीच की, वाकलेला माणूस प्रत्येक वेळी भाषेतच दिसतो असं नाही. विषय निवडतानाही वाकता येतं. गटार, जात, खटला, सुतक हे विषय महोत्सवांना चालतात. सोयाबीनच्या भावात फसलेला, बऱ्यापैकी खाऊनपिऊन असलेला, विनोदी शेतकरी चालेल का, ते अजून कुणी करून पाहिलेलं माझ्या पाहण्यात नाही.

भाचीला मात्र तुर्कस्तान आठवलं. तिच्या शिक्षणात तो देश बराच आलेला दिसला.

भाची : दोन देशांत काम करणं म्हणजे चैन नसते, मामा. यिल्माझ ग्युने नावाचा तुर्की दिग्दर्शक तुरुंगात होता. आतून बारीकसारीक सूचना लिहून पाठवायचा आणि बाहेर शेरिफ गोरेन शूटिंग करायचा. १९८१ मध्ये तो निसटला, स्वित्झर्लंडमध्ये बसून त्यानं ते संकलित केलं. तो ‘योल’. १९८२ ला कानचा पाम दोर, कोस्टा-गाव्रासबरोबर विभागून. ग्युने १९८४ ला पॅरिसमध्ये वारला, ४७ वर्षांचा. त्याच्या देशात तो सिनेमा उघडपणे लागला १९९९ ला.

मामा : म्हणजे ज्याच्यासाठी काढला त्यानं सतरा वर्षांनी बघितला.

भाची : हो. आणि पुढच्या पिढीत फातिह आकिन. आईबाप तुर्की, जन्म १९७३ चा, हाम्बुर्गचा. २००४ ला त्याच्या ‘हेड-ऑन’ला बर्लिनचं सुवर्ण अस्वल मिळालं. गोष्ट जर्मनीत सुरू होते, इस्तंबूलला संपते. आणि मध्ये मध्ये काय येतं माहितीये? इस्तंबूलच्या पाण्याकाठी जाजम अंथरून वादक ओळीनं बसलेत, मागं मशीद, एक बाई उभी राहून गाते. गोष्टीशी त्यांचा थेट संबंध नाही. गातात आणि सिनेमा पुढं सरकतो.

मामा : म्हणजे फडात झिलकरी उभे असतात तसं. बघ, हे मला लगेच कळलं. त्याला दोन्हीकडं घर हाये. ताम्हाण्याला एकच घर हाये, दुसरीकडं नुसतं बक्षीस.

हा फरक मामानं अचूक पकडला. त्यात एक व्यवहाराची बाबही आहे. तुर्कस्तान १९९० पासून युरोपच्या सहनिर्मिती निधीचा, युरिमाजचा, सदस्य आहे. तिथल्या स्वतंत्र दिग्दर्शकाला शेजारच्या देशातला निर्माता गाठायला एक मळलेली वाट मिळाली. आपल्याकडे एकेका देशाशी वेगळे करार, फ्रान्सशी १९८५ चा, पण मराठीत पहिला सिनेमा करणाऱ्या पोराला ते कागद उघडून देणारा कुणी लागतो. ताम्हाणेला गोम्बर भेटला. सगळ्यांना भेटत नाही.

मामा : आता माझं ऐक. ‘संत तुकाराम’. प्रभातचा, दामले-फत्तेलालांचा, १९३६ चा. १९३७ ला तुझ्या त्याच व्हेनिसला गौरव झाला. पण तो व्हेनिससाठी काढला होता का? मुंबईत एकाच थिएटरात वर्षाच्यावर चालला. जत्रेत तंबूत लागायचा तेव्हा माणसं पायताण बाहेर काढून आत यायची, पडद्यावर तुकाराम झालेल्या पागनीसांच्या पाया पडायची. माझ्या उस्तादानं सांगितलेलं हाये. घरचं पोट आधी भरलं, मग पाहुण्याला ताट. तुमचं उलटं चाललंय.

भाची : प्रभातकडे काय काय होतं ते सांगा ना पण. स्वतःचा स्टुडिओ, पगारी नट, स्वतःची लॅब, पुण्यात चालवायला थिएटर. आणि तरीसुद्धा १९३३ ला ‘सैरंध्री’ रंगीत करायला शांतारामबापू जर्मनीला गेलेच. फाळके १९१२ ला लंडनहून विल्यमसन कॅमेरा घेऊन आले. दोन वर्षांनी परत गेले, सिनेमे दाखवले, तिथंच काम करायचं निमंत्रण आलं, ते नाकारून नाशिकला परतले. बाहेर जाणं नवीन नाही, मामा. फाळके परत आले तेव्हा बैलगाडीत पेट्या घालून सिनेमा गावोगाव नेता येत होता. प्रभातला परत यायला स्वतःचा रस्ता होता. ताम्हाणेला जायला रस्ता आहे, यायला नाही. तो रस्ता त्यानं मोडला का?

या प्रश्नाला मामाच उत्तर देऊ शकत होता, आणि त्यानं ते धंद्याच्या भाषेत दिलं. मला नवीन होतं. सिनेमाच्या व्यापारात महाराष्ट्र एक नाहीच. हिंदी सिनेमाचे हक्क विकले जातात ते सर्किटप्रमाणे, आणि मराठवाडा त्या नकाशात मुंबई सर्किटमध्ये नसून निजाम सर्किटमध्ये मोडतो, तेलंगणाबरोबर. १७ सप्टेंबर १९४८ ला निजाम गेला, १९९९ ला परभणीतून हिंगोली जिल्हा वेगळा झाला, पण वितरकाच्या वहीत आपण अजून हैदराबादचेच.

मामा : हैदराबादला बसलेला माणूस हिंगोलीला मराठी पिक्चर का धाडंल? पेटीचं भाडं निघत नसे. पिक्चरवाल्याला वाटायचं आम्ही लावत नाही, आम्हाला वाटायचं ते पाठवत नाहीत. आता पेटी गेली, सॅटेलाइटवरून येतंय, तरी हिशेब तोच. पहिल्या तीन दिवसांत गल्ला दिसला नाही की उतरवायचं. सावकाश चालणारं पिक्चर तीन दिवसांत काय चालणार? त्याला लोकांनी एकमेकांना सांगायला तरी आठवडा लागतो.

भाची : हेच मी मघापासून सांगतेय.

मामा : तू व्हेनिसचं सांगत होतीस. हे हिंगोलीचं हाये.

मग ती ‘साबर बोंडं’वर आली. रोहन परशुराम कानवडे यांचा पहिला सिनेमा. संहितेवर व्हेनिसच्या बिएनाले कॉलेजमध्ये काम झालं, निर्मिती भारत, ब्रिटन आणि कॅनडाची. सनडान्स महोत्सवाला निवडला गेलेला पहिला मराठी चित्रपट, आणि जानेवारी २०२५ मध्ये जागतिक कथाचित्रपट विभागात ग्रँड ज्युरी पारितोषिक. वडील गेल्यावर दहा दिवसांच्या दुखवट्याला मुंबईहून गावी आलेला आनंद, आणि त्याचा लहानपणचा मित्र बाळ्या. भाचीनं तो १९ सप्टेंबर २०२५ ला प्रदर्शित झाला त्याच आठवड्यात पुण्यात पाहिला होता.

मामा : दोन गड्यांचं प्रेम, आणि ते बी सुतकात. इथं लावलं असतं तर खुर्च्या फोडल्या असत्या.

भाची : कुणी?

मामा : (विचार करून) तसं कुणीच आलं नसतं म्हणा. फोडायला बी माणसं यावी लागतात.

भाची : शेवटी आई सगळं ओळखून असते, मामा. तोंडानं फारसं बोलत नाही. तुम्हाला आवडली असती ती बाई.

मामा : मग आणायचं होतंस. एकदा.

तासभर भांडून दोघं इथं आली, आणि मला हा वाद इथंच खरा वाटला. पैसा कुठला, बक्षीस कुठलं, कॅमेरामन कुठला, यानं सिनेमा आपला-परका होत नाही. ‘कोर्ट’ इथला आहे हे मामानं कबूल केलंच होतं, त्या अंधाराला शिव्या देताना. ज्या सिनेमावर भांडता येतं तो आपलाच असतो. पण भांडायला तो समोर लागावा लागतो. ती जबाबदारी ताम्हाणे-कानवड्यांच्या गळ्यात घालून मोकळं होणं मला पटत नाही, आणि भाचीसारखं सगळं वितरकावर ढकलणंही नाही. छत्रपती संभाजीनगरला अजिंठा-वेरूळ चित्रपट महोत्सव भरतो, पुण्यात पिफ भरतो. हिंगोलीतून तिथं जाणारा माणूस बोटावर मोजण्याइतका, आणि तिथून इथं काही आणणारा त्याहून कमी.

मामानं हे मनावर घेतलं, पण आपल्या पद्धतीनं. त्यानं लगेच हिशेब मांडायला घेतला. मंगल कार्यालय लग्नसराई नसताना स्वस्तात मिळेल. प्रोजेक्टर नांदेडहून भाड्यानं. पडदा पांढऱ्या कापडाचा, पण दुहेरी शिवलेला, नाहीतर उजेड आरपार जातो. जनरेटर हवाच. निर्मात्याची लेखी परवानगी काढायचं काम भाचीकडे. तिकीट नको, पण पेटी ठेवायची. पहिल्यांदा गाण्याचा लावू, म्हणजे ‘द डिसायपल’. भजनी मंडळं येतील, त्यांना तानेतलं कळतं. माणसं राहिली तर पुढच्या महिन्यात ‘कोर्ट’. तिसऱ्याचं नंतर बघू.

भाची : ‘द डिसायपल’ दोन तास आठ मिनिटांचा आहे. सलग दाखवायचा. मध्यंतर नाही.

मामा : मध्यंतर नाही म्हणजे?

भाची : दिग्दर्शकानं ठेवलेलं नाही. तोडलं तर सगळी लय जाते.

मामा : अगं, म्हातारी माणसं येणार, त्यांना लघवीला जायचं असतं. चहावाल्यानं काय करायचं? इंग्रजी पिक्चरला बी कुठं मध्यंतर असायचं? मी माझ्या हातानं करायचो, रीळ संपलं की.

भाची : ताम्हाणेच्या सिनेमात तुम्ही मध्यंतर करणार?

मामा : परवानगीच्या कागदात लिहून घे तसं. आणि कुठं करायचं ते मी आधी दोनदा बघून ठरवीन.